वाचकांचे प्रश्न : नवलांच्या पुस्तकांवर किती विसंबावे?

गेल्या दोन महिन्यांत या सदराकडे आलेली बरीच पत्रे एकाच प्रकारच्या पुस्तकांविषयी आहेत. विज्ञानातल्या गमती, जगातली नवले आणि न उलगडलेली रहस्ये एकाच जाड बांधणीत देणारी ही पुस्तके जळगाव, धुळे आणि नंदुरबार जिल्ह्यांतल्या लहानमोठ्या वाचनालयांत हमखास आढळतात, आणि पुठ्ठा सुटेपर्यंत वाचली गेलेली पुस्तके बहुधा हीच असतात. म्हणून या वेळची सगळी जागा या विषयाला दिली आहे. पत्रे लांब होती, त्यामुळे त्यांतला प्रश्नापुरता मजकूर तेवढा घेतला आहे.

एरंडोल तालुक्यातील एका ग्रामीण वाचनालयाच्या ग्रंथपाल लिहितात :

स. न. वि. वि. आमच्या वाचनालयात जगातील आश्चर्ये, अज्ञात शक्ती, विज्ञानातील कोडी अशा विषयांची चाळीसेक पुस्तके आहेत. शाळा सुटली की मुले तीच मागतात. कार्यकारी मंडळातील काही सदस्यांचे म्हणणे असे की, त्यांत खरे-खोटे मिसळलेले आहे, तेव्हा ती काढून टाकावीत. मला ती काढवत नाहीत, आणि निर्धास्तपणे मुलांच्या हातीही देववत नाहीत. यांतले चांगले पुस्तक ओळखावे कसे?

उत्तर : ती पुस्तके काढू नका, अशी माझी आग्रहाची विनंती आहे. पाठ्यपुस्तकातला धडा ज्या प्रश्नाजवळ फिरकत नाही, त्या प्रश्नापाशी असे पुस्तक मुलाला एका संध्याकाळी नेऊन सोडते. माझ्या बाबतीत हे घडले आहे आणि त्याचे ऋण मी आजही मानतो. पण मंडळातल्या सदस्यांची काळजीही खरी आहे, कारण या प्रकारची बहुसंख्य पुस्तके पाहणीतून तयार होत नाहीत. ती आधीच्या पुस्तकांतून तयार होतात, आणि एका पुस्तकातली चूक दुसऱ्यात, दुसऱ्यातली तिसऱ्यात अशी जसजशी उतरत जाते तसतशी ती अधिक ठाम होत जाते.

असे पुस्तक हाती आले की मी प्रथम एवढेच पाहतो, की त्यातल्या नवलाला पत्ता आहे का. घटना कोठे घडली, कोणत्या दिवशी, कोणी पाहिली आणि पाहणाऱ्याचे म्हणणे त्याच वेळी कोणी लिहून ठेवले, हे ज्यात सांगितले आहे ते पुस्तक चुकले तरी उपयोगाचे असते, कारण त्याची चूक आपल्याला शोधता येते. ‘एका युरोपीय शास्त्रज्ञाने एकदा पाहिले’ अशा वाक्यांवर उभे असलेले पुस्तक खरे बोलत असले तरी तपासता येत नाही.

हे काम एका ग्रंथपालानेच करून दाखवले आहे, म्हणून ती हकिकत आपल्याला मुद्दाम सांगतो. अमेरिकेत १९६४ मध्ये एका मासिकातील लेखाने अटलांटिक महासागराच्या एका भागासाठी, जेथे जहाजे आणि विमाने गूढपणे नाहीशी होतात असे म्हटले जाई, ‘बर्म्युडा त्रिकोण’ हे नाव रूढ केले, आणि १९७४ मध्ये त्या विषयावरचे एक पुस्तक जगभर प्रचंड खपले. ॲरिझोना राज्य विद्यापीठाच्या ग्रंथालयात संदर्भ विभाग सांभाळणारे लॉरेन्स कुशे यांच्याकडे विद्यार्थी या विषयाची माहिती मागत असत. कुशे यांनी नवे तर्क मांडले नाहीत. प्रत्येक जहाजाच्या आणि विमानाच्या नावापुढे जी तारीख होती, त्या तारखेची वर्तमानपत्रे, हवामानाच्या नोंदी आणि चौकशी अहवाल त्यांनी मागवले व ते ओळीने वाचून काढले. ‘शांत समुद्रात नाहीशी झालेली’ काही जहाजे प्रत्यक्षात वादळात सापडली होती. काही अपघात त्या भागापासून फार दूर झाले होते; १९०२ सालचे फ्रेया हे जर्मन जहाज तर मेक्सिकोच्या पश्चिमेला, म्हणजे अटलांटिकमध्ये नव्हे, पॅसिफिक महासागरात सापडलेले होते. काही घटनांची तर त्या काळच्या कागदपत्रांत नोंदच मिळाली नाही. हे सगळे त्यांनी १९७५ मध्ये प्रसिद्ध केले. आपल्या चाळीस पुस्तकांपैकी ज्यांत बर्म्युडा त्रिकोणाचे प्रकरण आहे, त्यांत कुशे यांचे नाव येते का, एवढे पाहिले तरी त्या पुस्तकाच्या कर्त्याने किती कष्ट घेतले याचा अंदाज येतो.

दुसरी गोष्ट पाहायची ती प्रकाशनाचे वर्ष. जुने पुस्तक खोटे नसते, पण ते ज्या दिवशी छापले त्या दिवशी थांबलेले असते. शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यातल्या लोणार सरोवराचे उदाहरण घ्या. जुन्या लेखनात ते ज्वालामुखीचे मुख म्हणून आढळते. प्रचंड आघाताशिवाय तयार होऊ न शकणारी काच तेथल्या खडकात असल्याचे १९७३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाने दाखवले, आणि ते अशनीपाताने, म्हणजे आकाशातून दगड येऊन आदळल्याने, पडलेले विवर आहे हे मान्य झाले. त्यानंतरची पुस्तके त्याचे वय सुमारे ५२ हजार वर्षे देतात, तर २०१० च्या सुमारास अरगॉन वायूच्या समस्थानिकांवरून केलेल्या मापनाने ते सुमारे ५ लाख ७० हजार वर्षांवर नेले. तीन पुस्तकांत तीन उत्तरे मिळाली म्हणून मुलाने गोंधळून जाऊ नये, यासाठी त्याला आधी पहिल्या पानामागची प्रकाशनाची नोंद वाचायला शिकवावे लागते.

कॅलिफोर्नियातल्या डेथ व्हॅली या वाळवंटी भागातले ‘आपोआप सरकणारे दगड’ असेच आहेत. कोरड्या तळ्याच्या सपाट चिखलावर दगडांच्या मागे लांबच लांब खुणा उमटलेल्या दिसत, पण दगड सरकताना कोणी पाहिलेले नव्हते. त्यामुळे ‘न उलगडलेले रहस्य’ म्हणून त्यांचे छायाचित्र असंख्य पुस्तकांत आहे. संशोधकांनी काही दगडांत स्थान नोंदवणारी यंत्रे बसवून तेथे ठेवली, आणि डिसेंबर २०१३ मध्ये दगड सरकताना प्रत्यक्ष पाहिले. रात्री तळ्यातल्या उथळ पाण्यावर काही मिलिमीटर जाडीचा बर्फाचा पापुद्रा धरतो, सकाळी तो फुटतो, आणि मंद वाऱ्याने ढकलले जाणारे त्याचे मोठे तुकडे दगडांना मिनिटाला काही मीटर या गतीने पुढे रेटतात. वाळवंटात, पाण्यावर, बर्फ दगडाला हलवतो हे उत्तर मला तरी कोणत्याही अज्ञात शक्तीपेक्षा अधिक थक्क करणारे वाटते. ज्या पुस्तकात जुना प्रश्न आहे त्याच्या त्याच पानावर हे उत्तर लिहिलेली चिठ्ठी आपण चिकटवावी. मुलांनाच हे काम द्यावे; ती ते आवडीने करतील.

आणखी एक सुचवतो. यांतली बरीच पुस्तके परभाषेतून आलेली असल्यामुळे इराणमधल्या इस्फहान शहरातले हलणारे मनोरे त्यांत सापडतात, पण आपल्याच तालुक्यातल्या फरकांड्याचे झुलते मनोरे सापडत नाहीत. एक मनोरा हलवला की दुसरा हलतो, ही त्यांची ख्याती आपल्या वाचकांना घरातल्या वडीलधाऱ्यांकडून ठाऊक असते. सारख्या उंचीच्या आणि सारख्या बांधणीच्या दोन उंच, सडपातळ वस्तू खाली एकमेकींशी जोडलेल्या असल्या, तर एकीचे कंपन जोडातून दुसरीत जाते, आणि दोघींचा झुलण्याचा स्वाभाविक वेग एकच असल्याने दुसरी त्याला साथ देते. आडव्या बांधलेल्या सैल दोरीला सारख्या लांबीचे दोन लंबक टांगून हे वाचनालयाच्या ओसरीवर करून दाखवता येते. एक लंबक हलवावा आणि दुसऱ्याकडे पाहत राहावे.

धुळे तालुक्यातील एक शिक्षिका विचारतात :

आमच्या गावाजवळ काळ्या दगडांची एक लांबलचक, अरुंद टेकडी आहे. दगड इतके नीट रचलेले दिसतात की ती बांधलेली भिंतच वाटते. एका पुस्तकात अशा भिंती एखाद्या लुप्त प्रगत संस्कृतीच्या असाव्यात असे लिहिले आहे आणि विद्यार्थी तेच धरून बसले आहेत. त्यांना काय सांगू?

उत्तर : त्यांना टेकडीवर घेऊन जा. धुळे आणि नंदुरबार जिल्ह्यांत अशा काळ्या भिंती मोठ्या संख्येने आहेत आणि भूशास्त्राच्या अभ्यासकांना हा भाग त्यांच्यासाठीच परिचित आहे. इंग्रजीतून आलेला शब्द डाइक, मराठी परिभाषेत भित्ती. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी दख्खनचे लाव्हाचे थर साचत असताना जमिनीला लांब, सरळ भेगा पडल्या आणि त्यांत शिलारस, म्हणजे वितळलेला खडक, घुसून तेथेच थिजला. पुढे ऊन, पाऊस आणि वारा यांनी आजूबाजूचे थर झिजवले, भेगेतला टणक खडक मात्र मागे राहिला आणि भिंतीसारखा उभा दिसू लागला.

दगड रचल्यासारखे का दिसतात, हा तुमच्या विद्यार्थ्यांचा खरा प्रश्न आहे आणि त्याचे उत्तर सुंदर आहे. शिलारस थंड होताना आकसतो व त्याला तडे जातात. हे तडे थंड होणाऱ्या पृष्ठभागाशी काटकोन करून आत शिरतात. पसरलेला लाव्हा वरून आणि खालून थंड होतो, म्हणून त्यात उभे खांब तयार होतात. मुंबईत अंधेरीला गिल्बर्ट टेकडीवर ते दिसतात. भेगेतला शिलारस मात्र दोन्ही बाजूंच्या उभ्या भिंतींकडून थंड होतो, म्हणून त्यातले खांब आडवे पडतात, आणि त्यांची टोके बाहेरून पाहणाऱ्याला एकावर एक ठेवलेल्या घडीव दगडांसारखी किंवा रचलेल्या लाकडांच्या ओंडक्यांसारखी दिसतात. विद्यार्थ्यांना दोन सांध्यांमध्ये चुना किंवा माती शोधायला सांगा, छिन्नीची खूण शोधायला सांगा, पाया शोधायला सांगा. गावातल्या विहीर खोदणाऱ्यांनाही बोलवा. भित्तीच्या एका अंगाला पाणी लागते आणि दुसऱ्या अंगाला कोरडे जाते असा अनुभव त्यांच्यापैकी कोणाला तरी असेल, कारण जमिनीखालीही ही भिंत चालूच असते आणि भूजलाला अडवते, किंवा तिला तडे असले तर वाट करून देते.

प्राचीन माणसाच्या खुणाच त्यांना हव्या असतील, तर त्यासाठी लुप्त संस्कृती कल्पण्याची गरज नाही. चाळीसगाव तालुक्यातल्या पाटणे येथील उत्खननात शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचे, नक्षी कोरलेले तुकडे मिळाले आहेत आणि ते सुमारे २५ हजार वर्षांपूर्वीचे आहेत. खानदेशात एकेकाळी शहामृग होते, आणि त्यांच्या अंड्याच्या टरफलावर रेघा ओढत बसलेला माणूसही होता. तापीकाठी प्रकाशे येथे आणि गिरणेकाठी बहाळ येथे ताम्रपाषाण युगातल्या वस्तीचे थर उघडे झाले आहेत. या गोष्टी त्या जाड पुस्तकांत नसतात, याचे मला मनापासून वाईट वाटते.

रावेर तालुक्यातील एक केळी उत्पादक शेतकरी लिहितात :

आमच्याकडे पंपाची वीज पुष्कळदा रात्रीचीच असते. दोन वर्षांपूर्वी पाणी द्यायला गेलो असता माझ्याच केळीच्या बागेत तासभर फिरत राहिलो, पुन्हा पुन्हा त्याच व्हॉल्व्हपाशी येत होतो. वडील म्हणाले, चकवा लागला. चकव्याला विज्ञानात काही उत्तर आहे का? कोणत्याच पुस्तकात मला हे प्रकरण सापडले नाही.

उत्तर : आपल्याला ते सापडले नाही, कारण या पुस्तकांची यादी आपल्या शेतात तयार झालेली नाही. उत्तराचा मोठा भाग मात्र उपलब्ध आहे. जर्मनीतल्या ट्युबिंगेन येथील मॅक्स प्लांक संस्थेतील संशोधकांनी माणसे जंगलात आणि ट्युनिशियातल्या वाळवंटात सरळ चालायला सांगून सोडली आणि त्यांची वाट उपकरणांनी नोंदली. हा अभ्यास २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. सूर्य किंवा चंद्र दिसत असेतो माणसे बऱ्यापैकी सरळ गेली. आभाळ झाकलेले असताना जंगलात चालणारे गोल फिरून आपल्याच वाटेवर परत आले, आणि आपण सरळच चाललो आहोत अशी त्यांची खात्री होती. डोळे बांधल्यावर तर काहींनी २० मीटरपेक्षाही लहान व्यासाची वर्तुळे काढली. एक पाय आखूड असल्याने असे होते हा जुना समज या अभ्यासात टिकला नाही. ‘समोर म्हणजे कोणती दिशा’ ही आपली जाणीव प्रत्येक पावलागणिक थोडी थोडी चुकते, आणि दूरची एखादी स्थिर खूण दिसत नसेल तर त्या चुका दुरुस्त न होता साचत जातात.

वाढलेली केळीची बाग या चुकीला अगदी पोषक असते. पानांनी आभाळ झाकलेले, प्रत्येक ओळ दुसऱ्या ओळीसारखी, आणि विजेरीचा प्रकाश चार खोडांपलीकडे पोहोचत नाही. चकवा लागला तर जागच्या जागी बसून राहावे, ही जुन्या माणसांची शिकवण म्हणूनच शहाणपणाची आहे. बसल्याने चुकांची भर थांबते आणि उजाडताच दिशा कळते. बसण्याइतका वेळ नसेल, तर ठिबकची एकच नळी पकडून तिच्या कडेने शेवटपर्यंत चालत जावे. बागेच्या चार कोपऱ्यांतल्या खोडांना वेगवेगळ्या रंगांच्या परावर्तक पट्ट्या लावून ठेवाव्यात, असेही मी सुचवीन. तुमच्या वडिलांना जे जे चकव्याचे प्रसंग आठवतात ते तिथी, ठिकाण आणि चंद्र होता की नव्हता या तपशिलांसह लिहून घ्या. अशी नोंद कोणी केली तर ती आपल्या भाषेतल्या अशा पुस्तकाचे पहिले प्रकरण होऊ शकेल.

चाळीसगावहून एक गृहस्थ विचारतात : घरात मुलांसाठी एकच संदर्भग्रंथ ठेवायचा झाल्यास कोणता?

उत्तर : मराठी विश्वकोश. त्याचा पहिला खंड तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या संपादनाखाली १९७६ मध्ये निघाला, आणि आता तो महाजालावर विनामूल्य वाचता येतो, त्यामुळे वीस खंडांसाठी कपाट करण्याची गरज उरलेली नाही. नवलाच्या पुस्तकात वाचलेला प्रत्येक शब्द त्यात शोधण्याची सवय मुलांना लावावी.

यावल तालुक्यातील नववीचा एक विद्यार्थी लिहितो :

सर, मी वाचलेल्या पुस्तकात प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी ‘विज्ञानाकडे याचे उत्तर नाही’ असे आहे. शास्त्रज्ञांना जे समजत नाही ते ती गोष्ट घडलीच नाही असे म्हणतात, असेही लिहिले आहे. हे खरे आहे का? आमच्या शेतात एक काळा, जड दगड आहे. आजोबा म्हणतात तो आकाशातून पडला. ते कसे ओळखायचे?

उत्तर : तुझ्या पुस्तकातला आरोप एका काळी खरा होता, आणि तो तुझ्या दगडाच्याच बाबतीत खरा होता. अठराव्या शतकात युरोपातल्या पुष्कळ विद्वानांना आकाशातून दगड पडतात हे मान्य नव्हते. फ्रान्समध्ये १७६८ मध्ये पडलेल्या एका दगडाची तपासणी लाव्हाझिए यांच्यासारख्या थोर रसायनशास्त्रज्ञाने केली, आणि तो वीज पडलेला साधा पृथ्वीवरचाच दगड आहे, असा अहवाल दिला गेला. दगड पडताना पाहणारे शेतात काम करणारे लोक होते आणि त्यांचे म्हणणे कोणी फारसे मनावर घेतले नाही. मग १७९४ मध्ये क्लाड्नी या जर्मन शास्त्रज्ञाने जुन्या हकिकती एकत्र करून, त्या एकमेकींशी किती जुळतात हे दाखवले. त्यानंतर २६ एप्रिल १८०३ रोजी फ्रान्समधल्या लेगल गावाजवळ हजारो दगडांचा वर्षाव झाला. बियो नावाच्या तरुण शास्त्रज्ञाला तेथे पाठवण्यात आले, तो गावोगाव हिंडला, त्याने लोकांना विचारले, दगड कोठे कोठे पडले ते नोंदले, आणि त्याच्या अहवालानंतर हा वाद जवळजवळ मिटला. शास्त्रज्ञ चुकले होते, हे खरे. पण त्यांची चूक दुरुस्त झाली ती साक्षीदारांचे म्हणणे काळजीपूर्वक लिहून घेतल्यामुळे, आणि ती शास्त्रज्ञांनीच केली.

त्यानंतर चाळीस वर्षांनी, १८४३ मध्ये, आपल्या खानदेशात माणेगाव येथे एक अशनी पडला. तो डायोजेनाइट या दुर्मीळ प्रकारचा आहे. असे दगड मंगळ आणि गुरू यांच्या दरम्यान फिरणाऱ्या व्हेस्टा या लघुग्रहावरून सुटून आलेले असावेत असे आज मानले जाते, आणि डॉन नावाच्या अंतराळयानाने २०११-१२ मध्ये व्हेस्टाभोवती फिरून केलेल्या मापनांनी त्याला बळकटी दिली. इथल्या मातीवर व्हेस्टाचा तुकडा पडला होता, हे वाक्य मी अनेकदा मनाशी म्हणून पाहतो.

उत्तर न मिळालेल्या गोष्टीही आहेत. पावसाळी वादळात जमिनीलगत तरंगत जाणारा विजेचा गोळा ही त्यांतली एक. चीनमधले संशोधक २०१२ मध्ये साध्या विजेची मापने घेत असताना असा एक गोळा त्यांच्या उपकरणासमोर आला, आणि त्याच्या प्रकाशात मातीतल्या सिलिकॉन, लोह व कॅल्शियम या मूलद्रव्यांच्या खुणा मिळाल्या. वीज जमिनीवर पडली की मातीची वाफ होऊन ती जळत राहते, या तर्काला त्यामुळे आधार मिळाला, पण सगळ्या हकिकती त्यात बसत नाहीत. ‘उत्तर नाही’ आणि ‘उत्तर अर्धे मिळाले आहे’ यांतला फरक तुझ्या पुस्तकाने सांगायला हवा होता.

आता तुझा दगड. पुस्तकांत लोहचुंबक लावून पाहा असे लिहिलेले असते, पण खानदेशात ती परीक्षा एकटी फसवते, कारण आपल्याकडच्या लाव्हाच्या काळ्या दगडात, म्हणजे बेसाल्टमध्येही, लोहाचे चुंबकीय खनिज असते आणि चुंबक त्यालाही थोडे ओढले जाते. म्हणून इतर खुणा पाहा. अशनीवर बहुधा जळलेल्या सालीसारखा पातळ, काळा किंवा तपकिरी थर असतो, त्याचे कोपरे बोथट झालेले असतात, आणि त्यात बुडबुड्यांची छिद्रे सहसा नसतात. तुझ्या दगडात छिद्रे असतील आणि त्यांत पांढरे किंवा हिरवट स्फटिक चमकत असतील, तर तो इथल्याच लाव्हाचा आहे, हे नक्की. तसे निघाले तरी तो टाकू नकोस. तुझ्या जवळच्या सावद्याच्या परिसरातले असे स्फटिक जगभरचे संग्राहक जपून ठेवतात.

दगड फोडू नको, धुऊ नको, तेल लावू नको. तो ज्या जागी आहे त्या जागेची, तो केव्हापासून तेथे आहे याची आणि आजोबांनी काय पाहिले याची त्यांच्याच शब्दांत नोंद कर. ते अहिराणीत सांगत असतील तर अहिराणीतच लिही. वरच्या खुणा जुळल्या तर भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाला कळवायचे असते, कारण देशात पडणाऱ्या अशनींची जबाबदारी त्यांच्याकडे आहे. त्याआधी चारही बाजूंनी छायाचित्रे काढून या सदराकडे पाठव, आणि प्रत्येक छायाचित्रात दगडाशेजारी एक रुपयाचे नाणे ठेव, म्हणजे आकार कळेल.